हळदोण्याचा ट्रम्पेट

पाय आखडून बसा. मुंबईच्या बोटीच्या डेकवर तुमच्या वाट्याला वळकटीएवढीच जागा आली आहे, आणि तीही शेजारच्या आजींच्या फणसाने अर्धी बळकावलीय. इंजिनाची धडधड मणक्यात शिरते आहे. कोळशाचा धूर, सुकी मासळी, आणि कोणाला तरी बोट लागल्याचा आंबूस वास. विमान नाही, कोकण रेल्वे नाही, काळ आजोबा-पणजोबांचा. तुमचं वय सतरा-अठरा आणि मांडीवर व्हायोलिनची पेटी. ती खाली ठेवू नका, खारं पाणी डेकवर येतं.

तुमचं गाव गोव्यातलं हळदोणे. नदीकाठी सेंट थॉमस चर्च. चर्चच्या शाळेत तुम्हाला अक्षरांबरोबरच पाच रेघांवरचे काळे ठिपके वाचायला शिकवले. दो-रे-मी घोटून पक्कं झाल्याशिवाय वाद्याला हात लावायचा नाही. ताल चुकला की मास्तरांची पट्टी बोटांवर. रविवारी मिस्सेच्या वेळी तुम्ही वरच्या माळ्यावर वाजवायला उभे. धूप आणि मेणबत्त्यांचा वास कोंडलेला, कॉलर घामाने भिजलेली, आणि खाली सगळा गाव गुडघ्यांवर. वाड्यावरच्या क्रुसापुढे लदीन, म्हणजे सामुदायिक प्रार्थना, झाली की ओंजळीत उकडलेले चणे पडायचे. गरम, खोबऱ्याचे तुकडे घातलेले. ती चव या क्षणीही जिभेवर आहे ना? पण गावात पोट भरेल एवढं काम नाही. मुलगा वाजवायला लागला की त्याची वळकटी मुंबईसाठी बांधली जाते.

पहाट झाली. उजव्या हाताला आजच्या रायगडचा किनारा सरकतो आहे. श्रीवर्धनला पडाव बोटीला येऊन भिडतात. सुपारीची पोती, कोंबड्या, रडणारी पोरं, ‘अगो, हात दे, हात दे!’ असा गलका. पुढे जंजिरा किल्ला. तट थेट पाण्यातून वर आलेले. तिथले सिद्दी म्हणजे आफ्रिकेतून आलेल्यांचे वंशज. आणखी थोडं वर कोर्लईचा डोंगर. त्याच्या पायथ्याची ख्रिस्ती वस्ती पोर्तुगीजमधून घडलेली स्वतःची बोली बोलते, आजसुद्धा. आफ्रिका आणि पोर्तुगाल, दोन्ही एकाच सकाळी तुमच्या उजव्या हाताला. या किनाऱ्याच्या इतिहासात मला याहून मोलाचं काही वाटत नाही.

मुंबई आली, उतरा. धक्क्यावरून धोबीतलावला चला. अंधारा जिना चढलात की कूड, गोव्यातल्या एकेका गावाने मुंबईत आपल्या माणसांसाठी धरलेली खोली. भिंतीला लागून ट्रंकांची रांग. ट्रंक हेच कपाट, ट्रंक हेच टेबल. झोपायला चटई. बोटीवर नोकरी धरणारे खलाशी, हॉटेलातले आचारी, वादक, सगळ्यांनी संध्याकाळी अल्तारासमोर रोझरी म्हणायची. ती संपली की कोपऱ्यात कोणीतरी ट्रम्पेटचं तोंड पुसतो, आणि तुमच्या कानावर पहिल्यांदाच अमेरिकन ट्रम्पेटवादक लुई आर्मस्ट्राँग हे नाव पडतं.

आता ताजमहाल हॉटेल, वादकांच्या दाराने. १९३५ साली लिऑन ॲबे हा अमेरिकन कृष्णवर्णीय वादकांचा बँड घेऊन इथे आला, मागोमाग क्रिकेट स्मिथ आणि टेडी वेदरफर्ड आले. अत्तर, सिगारचा धूर, नाचणाऱ्या बुटांचा आवाज. आणि हा सूर! मास्तर म्हणायचे, ठोक्यावर सूर पडलाच पाहिजे. बँडमधला ट्रम्पेटवाला सूर ठोक्यामागे रेंगाळू देतो, वाकवतो, ट्रम्पेटच्या तोंडावर म्यूट धरून त्याला रडायला लावतो, आणि तरीही बेताल होत नाही. तुमची बोटं कोटाच्या खिशात आपोआप हलायला लागतात. आफ्रिकेतून गुलाम करून नेलेल्यांच्या नातवंडा-पतवंडांचं हे संगीत, जॅझ, आणि तेही चर्चमध्ये गातच मोठं झालेलं. तुम्हाला ते परकं का वाटत नाही, हे आता कळलं असेल.

काही वर्षं पुढे सरकू. त्याच ताजमध्ये बँडच्या पुढे उभा आहे तो तुमच्याच हळदोण्याचा, १९१६ साली जन्मलेला आंतोनियो झेवियर वाझ. मुंबई त्याला चिक चॉकलेट म्हणते, हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग म्हणते. दिवसा तो सिनेमाच्या रेकॉर्डिंगला. पंख्याचा आवाज माईकमध्ये जाऊ नये म्हणून स्टुडिओतले पंखे बंद. शर्ट पाठीला चिकटलेला. पुणतांब्याचे संगीतकार सी. रामचंद्र चाल गुणगुणतात, आणि गोव्याच्या मंडळींच्या हातून ती कागदावर पाच रेघांत उतरते. चर्चच्या शाळेतलं तेच शिक्षण, तेच काळे ठिपके. त्यांच्याशिवाय वीस-तीस जणांचा ऑर्केस्ट्रा एकत्र वाजलाच नसता. पण पडद्यावर नाव संगीतकाराचं. स्वरलेखन करणारे, ट्रम्पेट फुंकणारे बहुतेक वेळा श्रेयनामावलीत नाहीतच, आणि हा अन्याय होता असं मी स्पष्ट म्हणेन.

१९५१ च्या ‘अलबेला’ या सिनेमात चिक आणि त्याचा बँड पडद्यावरही दिसतो. त्यातल्या भगवानदादांच्या पावलांवर आजही लग्नाच्या वरातीत माणसं नाचतात. पुढच्या वेळी त्या सिनेमाची गाणी लागली की थोडा वेळ पाय थांबवा आणि नुसता ट्रम्पेट ऐका. शेजारचा कोणी विचारेल, कोण वाजवतोय? सांगा, हळदोण्याचे वाझ.