फाशी आणि सदुसष्ट गावे

आलापल्लीचे नाव दूरदूरच्या माणसांना ठाऊक आहे ते येथील सागवानामुळे. वनखात्याने येथील झाडांचा हिशेब जुन्या काळापासून मोठ्या काळजीने ठेविला. परंतु या वनात माणसांनी काय केले, याचा हिशेब त्या मानाने फारच त्रोटक राहिला. १८५७ च्या संग्रामाचे नाव निघाले की आपल्याला मेरठ आठवते, दिल्ली आठवते, कानपूर आणि झाशी आठवते. अहेरी, घोट, मोलमपल्ली ही आपल्या उंबरठ्यावरची नावे मात्र त्या यादीत क्वचितच येतात. वस्तुतः त्या युद्धाचा एक प्रवाह प्राणहितेच्या काठापर्यंत येऊन पोचला होता. इंग्रजी अमदानीतील गॅझेटियरांनी त्याची बोळवण थोडक्या ओळींत केली. त्या ओळींत काय लिहिले आहे आणि काय लिहिलेले नाही, हे आज आपण पाहू.

प्रथम काळाची थोडी ओळख करून घेतली पाहिजे. चांद्याचे गोंडराज्य १७५१ साली नागपूरकर भोसल्यांकडे गेले. तिसरे रघूजी भोसले डिसेंबर १८५३ मध्ये निपुत्रिक वारले, तेव्हा डलहौसीने नागपूरचे राज्य खालसा केले आणि १८५४ अखेर चांद्यास इंग्रज अधिकारी येऊन बसला. म्हणजे १८५८ साली येथे इंग्रजांचा अंमल सुरू होऊन जेमतेम चार वर्षे लोटली होती. चांदा शहरापलीकडच्या या घनदाट मुलखात त्या सरकारची माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी होती. खरा अधिकार होता जमीनदारांचा, आणि त्यांत अहेरीची जमीनदारी सर्वांत मोठी.

१८५८ च्या मार्च महिन्यात मोलमपल्लीच्या बाबूराव शेडमाके यांनी राजगड परगण्यावर चाल केली. त्यांचे वय अवघे पंचवीस वर्षांचे. आडपल्ली आणि घोट येथील जमीनदार व्यंकटराव त्यांना येऊन मिळाले, आणि गोंड व रोहिले यांची फौज उभी राहिली. चांद्याचा डेप्युटी कमिशनर कॅप्टन क्रिक्टन त्यांच्यावर चालून आला. २९ एप्रिलच्या रात्री प्राणहितेच्या काठी चिंचगुंडी येथे तारखात्याच्या तळावर हल्ला झाला आणि गार्टलंड व हॉल हे दोन इंग्रज नोकर मारले गेले.

हल्ला तारखात्यावर झाला, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे. मागच्याच वर्षी, ११ मे रोजी, दिल्लीतील उठावाची बातमी तारेनेच अंबाल्यास पोचली आणि पंजाबातील इंग्रज सावध झाले. तार हा त्या सरकारचा कान होता. प्राणहितेच्या काठी पडलेला घाव त्या कानापाशीच पडला. तो जाणून पाडला की ओघाने, हे कागद सांगत नाही. कागदाने फक्त मेलेल्या इंग्रजांची नावे जपून ठेविली. त्या रात्री बाबूरावांच्या बाजूने किती गोंड आले, कोणत्या गावांतून आले, त्यांतले परत किती गेले, यांची नावे त्यात नाहीत.

पुढची हकीकत अधिक अवघड आहे. अहेरीच्या जमीनदारीणबाई लक्ष्मीबाई यांच्या साहाय्याने सरकारने बाबूरावांना सप्टेंबरात पकडले. चांद्यास खटला चालला आणि २१ ऑक्टोबर १८५८ रोजी त्यांना फाशी देण्यात आली. व्यंकटराव निसटून बस्तरात गेले; परंतु तेथील राजाने १८६० च्या एप्रिलात त्यांना धरून इंग्रजांच्या स्वाधीन केले. त्यांना जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि सर्व मालमत्ता जप्त झाली. त्यांच्या जमीनदारीतील सदुसष्ट गावे लक्ष्मीबाईंना बक्षीस मिळाली.

योगायोग असा की, त्याच वर्षी जून महिन्यात दुसरी एक लक्ष्मीबाई ग्वाल्हेरपाशी लढता लढता पडली होती. एकच नाव, एकच साल, एकच युद्ध; आणि वाटा दोन. झाशीच्या राणीला आपण मस्तकी धरले. अहेरीच्या राणीविषयी बोलताना मात्र आपण एक तर गप्प बसतो, नाही तर एका शब्दात तिचा निकाल लावून मोकळे होतो. आम्हांला दोन्ही गोष्टी अपुऱ्या वाटतात. त्या बाईंपुढे त्या वेळी काय होते, ते पाहा. नागपुरात वृद्ध बांकाबाई भोसले यांनी आपले वजन इंग्रजांच्या पारड्यात टाकले होते. नदीच्या पलीकडे निजामाचे राज्य, तेही इंग्रजांचे दोस्त. झाशी पडलेली. आणि बंडात पडलेल्याची जमीनदारी टिकणार नाही, हे कोणालाही दिसत होते. एवढ्याने त्यांचे कृत्य निर्दोष ठरत नाही. पण ते कसे घडले हे समजते. सरकारी कागदाने त्यांच्या मनातले काही लिहिले नाही, गावांचा आकडा तेवढा लिहिला.

येथेच या कथेचे मर्म आहे. बाबूराव आणि व्यंकटराव या दोघांनाही शेवटी आपल्याच माणसांच्या हातून सरकारने मिळविले. पलटणी मोजून हे राज्य समजणार नाही. भीती आणि इनाम, या दोन साधनांनी मूठभर अधिकाऱ्यांनी एवढे मोठे अरण्य हाताळले. अमेरिकेत इंग्लंडच्या राजाविरुद्ध युद्ध झाले तेव्हाही हेच घडले. वॉशिंग्टनच्या बाजूचे लोक राजाच्या लेखी बंडखोर आणि आपल्या लेखी देशभक्त होते. राजाशी इमान राखून देश सोडणाऱ्या हजारोंना कॅनडात जमिनी मिळाल्या. फरक इतकाच की, तेथे बंडखोर जिंकले आणि इतिहास त्यांनी लिहिला. येथे तो जिंकणाऱ्या सरकारने लिहिला.

बाबूरावांच्या फाशीनंतर अकराच दिवसांनी, १ नोव्हेंबर १८५८ रोजी, राणी व्हिक्टोरियाचा जाहीरनामा वाचण्यात आला. त्यात इंग्रज प्रजेच्या हत्येत प्रत्यक्ष भाग न घेतलेल्यांना माफी होती. चिंचगुंडीचा आरोप असता ती बाबूरावांच्या वाट्यास आली असती, असे म्हणवत नाही. परंतु जाहीरनाम्यातील दया सर्वांना ठाऊक झाली आणि त्याआधीची घाई विस्मृतीत गेली.

लोकांनी मात्र आपले दप्तर वेगळे ठेविले. फाशीचा दोर बाबूरावांच्या गळ्यात टिकेना, तो पुन्हा पुन्हा तुटला, अशी कथा गोंड घरांतून सांगतात. ती पुराव्याच्या कसोटीला उतरणार नाही. तथापि सरकारने ज्याला गुन्हेगार ठरविले, त्याला लोकांनी काय मानले, याचा ती उत्तम पुरावा आहे. चंद्रपूरच्या तुरुंगातील पिंपळापाशी २१ ऑक्टोबरला लोक जमतात. २००९ साली टपालखात्याने बाबूरावांच्या नावाचे तिकीट काढले. ज्या सरकारी छापखान्यांनी त्यांना एकेकाळी लुटारू म्हटले, त्यांच्याच वारसाने त्यांना वीर म्हटले.

तरी काम अर्धेच झाले आहे. एका वीराचे नाव वर आले. त्याच्यामागून गेलेल्यांची नावे अजून अंधारातच आहेत, आणि व्यंकटरावांना घोटच्या बाहेर कितीजण ओळखतात? १८५८ साली येथून लढायला गेलेले लोक तुमच्याआमच्याच गावांतून गेले. वाडीवस्तीवरच्या म्हाताऱ्या माणसांना अजून गाणी येतात, घराण्यांच्या गोष्टी येतात. त्या लिहून घ्याव्यात, खऱ्याखोट्याची पारख मागाहून करावी. त्यांत आपल्या अभिमानाच्या गोष्टी निघतील, तशाच संकोचाच्याही निघतील. दोन्ही ठेवाव्यात. बक्षिसाची सदुसष्ट गावे कागदावर आहेत. लढणाऱ्यांची गावे कागदावर आणणे हे आपले काम आहे.