कॅमेरा, कामाठीपुरा आणि आपली लेकरं

लेकरांवरच्या अत्याचारावर एक डॉक्युमेंटरी काढली, चार ठिकाणी दाखवली की काम झालं, असा समज हल्ली पक्का होत चाललाय. इतिहास मात्र वेगळंच सांगतो.

१९३४ साली मुंबई इलाख्यात मुली देवाला सोडण्यावर कायद्याने बंदी आली. तरी प्रथा थांबली नाही. मुरळी, जोगतीण म्हणून सोडली जायची ती अजाण पोर, आणि तीही बहुतेक अस्पृश्यांच्याच घरातली. अनेकींची वाट कामाठीपुऱ्यात संपायची. ३१ मे १९३६ ला मुंबई इलाखा महार परिषदेत बाबासाहेब बोलले आणि लगेच १६ जूनला दामोदर हॉलमध्ये याच स्त्रियांपुढे उभे राहिले. त्यांनी कीव केली नाही. हे जिणं सोडा, मानाने जगा, असं बजावलं. समाज ज्यांच्याकडे चोरून बघत होता, त्यांच्याशी ते समोरासमोर बोलले.

साठ वर्षांनी, १९९६ मध्ये, 'द सेलिंग ऑफ इनोसंट्स' हा माहितीपट आला. नेपाळच्या खेड्यांतून मुंबईच्या कुंटणखान्यांपर्यंत मुली कशा विकल्या जातात, हे त्याने जगाला दाखवलं. १९९७ ला त्याला एमी पुरस्कार मिळाला. १९९६ च्याच फेब्रुवारीत मुंबईत धाडी पडल्या, चारशेहून अधिक मुली-बायका बाहेर काढल्या गेल्या. पुढे काय? कित्येक महिने सुधारगृहाच्या भिंती! माहितीपटासाठी काम करणाऱ्या पत्रकार रुचिरा गुप्ता मात्र पुरस्कारापाशी थांबल्या नाहीत. २००२ मध्ये कामाठीपुऱ्यातल्या २२ बायकांसोबत त्यांनी 'अपने आप' उभी केली. चित्रपट तिथे खरा कामी आला, कारण पडद्यावर दिसलेल्या बायका आता स्वतः संघटित झाल्या.

आम्ही बेलापुरात काम करतो. प्रवरेच्या या पट्ट्यात ऊस आहे, कारखाने आहेत आणि हंगामात ऊसतोड मजुरांच्या कोप्या आहेत. आई-बाप पहाटे फडात जातात, पोरी कोपीवर एकट्या राहतात. याच भीतीने कित्येकींचं लग्न कोवळ्या वयात उरकलं जातं. या पोरी कोणत्या जातींच्या, हे वेगळं सांगायला हवं का?

१४ नोव्हेंबर २०१२ पासून पोक्सो कायदा लागू आहे. कलम २३ प्रमाणे पीडित लेकराची ओळख उघड करता येत नाही. म्हणून मोबाईल घेऊन पीडितेच्या दारात धावणाऱ्या 'कार्यकर्त्यां'ना आमचा विरोध आहे. तिचा चेहरा तुमच्या चळवळीचं पोस्टर नाही. त्याच कायद्याचं कलम ४३ म्हणतं की, या तरतुदींचा प्रसारमाध्यमांतून प्रचार करणं ही सरकारची जबाबदारी आहे. मग चाइल्डलाइनचा 'कोमल' हा लघुपट ग्रामसभेत, विहारात, कोप्यांवर का दाखवला जात नाही? दाखवल्यावर एखादी पोर बोललीच, तर तिचं ऐकायला कोण बसणार, हे आधी ठरलंय का?

आमची मागणी साधी आहे. गावची बाल संरक्षण समिती कागदावरून खाली उतरवा, तिच्यात ऊसतोड बायांना घ्या, १०९८ हा नंबर प्रत्येक कोपीपर्यंत पोचवा. पडदा त्यानंतर लावू.

जयभीम!