अस्मानी, सुलतानी आणि ‘डिझास्टर’

अंबरनाथ पूर्वेला वालधुनी नदीकाठी शिलाहारांच्या काळचे शिवमंदिर आहे. त्यावरील लेख शके ९८२ चा, म्हणजे इ. स. १०६० चा. पायऱ्या उतरून गाभाऱ्यात गेले की मान आपोआप वर जाते, कारण डोक्यावर शिखर नाही, उघडे आभाळ आहे. अंबर म्हणजे आकाशच. तेव्हा आकाशातून खाली आलेल्या एका इंग्रजी शब्दाची गोष्ट इथूनच सुरू करू.

बेत जरा फिसकटला की आपली शिकलेली मुले म्हणतात, “डिझास्टर झाले!” हा शब्द सोळाव्या शतकात इटालियन आणि फ्रेंच भाषांतून इंग्रजीत आला. ‘आस्त्रो’ म्हणजे तारा आणि ‘दिस’ म्हणजे वाईट. थोडक्यात, ग्रह फिरले! पण हे खापर ताऱ्यांवर फोडणे तेव्हाही सर्वांना पटत नव्हते. शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’ नाटकातला एडमंड याच खोडीची टर उडवतो. आपण करावे आणि सूर्यचंद्रांना दोष द्यावा, हे त्याला हास्यास्पद वाटते.

आता आपल्याकडे पाहा. फारसीत ‘आस्मान’ म्हणजे आकाश. मराठेशाहीतल्या कौलांत, इजाऱ्याच्या कागदांत ‘अस्मानी सुलतानी’ असे शब्द येत. पाऊस दगा देतो ती अस्मानी; फौज पीक तुडवते, अंमलदार लुबाडतो ती सुलतानी. कुठल्या संकटात साऱ्याची सूट मिळायची, याचा तो करार. इंग्रजी शब्दाने नुसते आभाळ दाखवले. आपल्या जोडशब्दाने माणसाकडेही बोट दाखवले.

२७ जुलै २०१९ रोजी उल्हास नदीला पूर आला आणि बदलापूर-वांगणीच्या दरम्यान महालक्ष्मी एक्सप्रेस पाण्यात अडकली. हजाराहून अधिक उतारू होड्यांतून सुखरूप बाहेर आले. पाऊस अस्मानी खरा. पण नदीच्या पात्रात भराव कोणी घातला, नाले कोणी बुजवले, हे पूर आला की प्रत्येक गावाने विचारले पाहिजे. २००५ च्या आपत्ती व्यवस्थापन कायद्यानेही आपत्तीच्या व्याख्येत निसर्गाबरोबर माणसाची करणी आणि हयगय धरली आहे.

गुरुजी, हा शब्द वर्गात शिकवाल तेव्हा अर्थाबरोबर एक प्रश्नही द्या: यात अस्मानी किती, आणि सुलतानी किती? मुले वर पाहतीलच. त्यांना आजूबाजूलाही पाहायला शिकवा.