फिरंगी दप्तर आणि पिसुर्लेकर

माहूरच्या गडावरून समुद्र दिसत नाहीं. म्हणूनच कीं काय, मराठवाड्यांतील वाचकांस फिरंग्यांचा इतिहास हा कोंकण-गोमंतकाचा घरगुती विषय वाटतो. ही समजूत बरोबर नव्हे. इ. स. १५७०-७१ मध्यें चौलच्या फिरंगी ठाण्यास वेढा घालून ज्या मूर्तझा निजामशहास अखेर तह करावा लागला, त्यानेंच १५७४ सालीं इमादशाही बुडवून वऱ्हाड, व त्याबरोबर माहूर, आपल्या राज्यास जोडलें. म्हणजे माहूरच्या नव्या धन्याचें समुद्राकडील दार चौलास होतें आणि त्या दाराशीं परका पहारेकरी बसला होता.

या पहारेकऱ्यास हुकूम गोव्याहून येत. आमच्या बखरींत फिरंगी आहे, पण तो बाहेरून पाहिलेला. त्याच्या घरांत शिरून त्याचें अंतरंग मराठी माणसानें पाहिलें तें पांडुरंग सखाराम पिसुर्लेकर (१८९४–१९६९) यांच्या रूपानें. गोव्याच्या सरकारी दप्तरखान्याचे ते सुमारें तीस वर्षें प्रमुख होते. लिस्बन व गोवा यांमधील पत्रव्यवहार मोसमी वाऱ्यांबरोबर येणाऱ्या-जाणाऱ्या जहाजांनीं चाले; म्हणून त्याच्या बाडांस ‘मोसमी पुस्तकें’ हें नांव पडलें. परंतु पिसुर्लेकरांची खरी कामगिरी, आमच्या मतें, गोव्याच्या राज्यमंडळाचे १६१८ ते १७५० पर्यंतचे ठराव पांच खंडांत (१९५३–५७) छापण्याची होय. राजास पत्र लिहितांना विजरई आपली बाजू सजवूं शकतो; मंडळाच्या बैठकींत मात्र पैसा, दारूगोळा व माणसें यांचा हिशेब करावाच लागतो. १६८३ सालीं संभाजी महाराज गोव्यावर चालून आले, तेव्हां विजरईनें आपला अधिकारदंड सेंट झेवियरच्या शवपेटीपाशीं नेऊन ठेवला. अजिंक्य म्हणविणाऱ्या सत्तेची ही अवस्था!

त्यांचा १९५२ चा ग्रंथ तर अधिकच विचार करावयास लावणारा आहे. पोर्तुगेजांच्या वतीनें बोलणीं करणारे हिंदु, मुसलमान, ज्यू व पारशी हस्तक हा त्याचा विषय. ज्या राज्यानें १५६० मध्यें इन्क्विझिशन आणलें व पुढें थोड्याच वर्षांत साष्टींतील देवालयें पाडलीं, त्या राज्याचें पान हिंदु वकील-दुभाष्यांवांचून हलत नव्हतें. यांस स्वामिद्रोही म्हणावें काय? स्वामी कोण, हेंच जेथें ठरलेलें नव्हतें, तेथें आम्हांस तो शब्द वापरवत नाहीं. पिसुर्लेकरही निवाडा देत नाहींत. कागद पुढें ठेवून ते बाजूस होतात. वाचकास ही अलिप्तता कधीं कधीं जाचते, हें खरें. परंतु पोर्तुगेज सरकारच्या चाकरींत राहून त्याच सरकारच्या पूर्वजांची दुर्बलता त्यांच्याच अक्षरांत छापणें, हें कांहीं लहान धैर्य नव्हे.

दुःख इतकेंच कीं, यांतील बराच भाग पोर्तुगेज भाषेंत राहिला. गोवा १९६१ मध्यें मुक्त झाल्यानंतर, १९६७ सालीं, पुणें विद्यापीठानें त्यांचा ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ हा मराठी ग्रंथ काढला. तोंवर ते सत्तरीच्या पार गेले होते.