चिखलदरा
चिखलदरा : महाराष्ट्राच्या अमरावती जिल्ह्यातील थंड हवेचे लहान गाव व तालुक्याचे ठिकाण. सातपुड्याच्या गाविलगड टेकड्यांवर, समुद्रसपाटीपासून सुमारे १,१०० मी. उंचीवर ते वसले असून, पायथ्याच्या परतवाड्याहून घाटरस्त्याने तेथे जाता येते. भीमाने कीचकाला मारून येथील दरीत टाकले, म्हणून ‘कीचकदरा’ व त्यावरून चिखलदरा, अशी स्थलनामाची लोकव्युत्पत्ती सांगितली जाते. जवळचा गाविलगड हा डोंगरी किल्ला बहमनी व इमादशाही राजवटींत महत्त्वाचा होता. १५ डिसेंबर १८०३ रोजी इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीच्या सैन्याने तो नागपूरच्या भोसल्यांकडून जिंकला आणि दोनच दिवसांनी उभयतांत देवगावचा तह झाला. हैदराबाद पलटणीतील कॅप्टन रॉबिन्सन याने १८२३ मध्ये हे पठार पाहिल्यानंतर, वऱ्हाडच्या कडक उन्हाळ्यातील विश्रांतिस्थान म्हणून इंग्रजांनी त्याचा विकास केला व येथे कॉफीची लागवड सुरू केली. सभोवतालच्या मेळघाटात, म्हणजे घाटांचा मेळ असलेल्या सागवानी अरण्यात, मुंडा गटातील भाषा बोलणारे कोरकू लोक राहतात. याच अरण्यात १९७४ मध्ये महाराष्ट्रातील पहिला व्याघ्रप्रकल्प स्थापन झाला. भीमकुंड, देवी पॉइंट व वैराट ही येथील प्रेक्षणीय स्थळे होत.