केंद्रशासित प्रदेशांतील लोकसभा निवडणुका

भारतीय संघराज्यातील केंद्रशासित प्रदेशांमधून लोकसभेवर प्रतिनिधी निवडण्याची पद्धती व तीमधून वेळोवेळी लागलेले निकाल. लोकसभेच्या एकूण सदस्यसंख्येत या प्रदेशांचा वाटा अल्प आहे. तथापि, राष्ट्रीय राजकारणाचा प्रवाह व स्थानिक निष्ठा यांचा परस्परसंबंध कसा असतो, हे तेथील निकालांवरून विशेष स्पष्टपणे दिसून येते.

घटनात्मक तरतूद : राज्यपुनर्रचना कायद्यान्वये १९५६ मध्ये १४ राज्ये व ६ केंद्रशासित प्रदेश अस्तित्वात आले. दिल्ली, हिमाचल प्रदेश, मणिपूर, त्रिपुरा, अंदमान व निकोबार बेटे आणि लखदीव, मिनिकॉय व अमिनदीवी बेटे हे ते प्रदेश होत. राज्यांना लोकसभेतील जागा लोकसंख्येच्या प्रमाणात द्याव्यात, असे संविधानाच्या ८१ व्या अनुच्छेदात म्हटले आहे. केंद्रशासित प्रदेशांच्या बाबतीत मात्र कमाल सदस्यसंख्या ठरवून निवडीची रीत संसदेच्या कायद्यावर सोपविली आहे. ही कमाल मर्यादा १४ व्या घटनादुरुस्तीने (१९६२) २५ करण्यात आली व ३१ व्या दुरुस्तीने (१९७३) ती पुन्हा २० वर आणण्यात आली.

प्रारंभी दूरच्या बेटांतील मतदारांना आपला प्रतिनिधी स्वतः निवडता येत नसे. तेथील सदस्य राष्ट्रपती नामनिर्देशित करीत. १९६५ च्या कायद्याने ही स्थिती पालटली आणि १९६७ मध्ये अंदमान व लखदीव येथे लोकसभेसाठी प्रथमच प्रत्यक्ष मतदान झाले. अंदमानमधून काँग्रेसचे के. आर. गणेश, तर लखदीवमधून पी. एम. सईद हे अपक्ष म्हणून निवडून आले. अरुणाचल प्रदेशास हा अधिकार मिळण्यास १९७७ साल उजाडावे लागले.

१९७७ ची निवडणूक : आणीबाणीच्या अखेरीस, मार्च १९७७ मध्ये झालेल्या या निवडणुकीत ५४२ पैकी २९५ जागा जनता पक्षास, तर १५४ जागा काँग्रेसला मिळाल्या. त्या वेळी नऊ केंद्रशासित प्रदेशांना मिळून १७ जागा होत्या. त्यांपैकी ८ जनता पक्षाने, ५ काँग्रेसने, १ अण्णा द्रमुकने, १ महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाने व २ अपक्षांनी जिंकल्या. ही केवळ बेरीज पाहिल्यास देशातील लाट येथेही पोहोचली, असे वाटते. परंतु जागांची विभागणी पाहिली असता वेगळे चित्र दिसते. जनता पक्षाच्या आठही जागा दिल्ली (७) व चंडीगढ (१) या दोन नागरी प्रदेशांतील होत्या. सक्तीची नसबंदी व वस्त्यांची पाडापाड यांचा अनुभव दिल्लीने प्रत्यक्ष घेतला होता आणि उत्तर भारतातील लोकक्षोभाशी ही दोन्ही शहरे निगडित होती.

अन्यत्र ही लाट ओसरलेली दिसते. अंदमान, लक्षद्वीप व दाद्रा-नगरहवेली या जागा काँग्रेसकडेच राहिल्या. पाँडिचेरीचा कल शेजारच्या तमिळनाडूतील प्रादेशिक पक्षाकडे होता. मिझोराममध्ये व अरुणाचल पूर्व मतदारसंघात अपक्ष विजयी झाले, तर अरुणाचल पश्चिममध्ये काँग्रेसचा उमेदवार बिनविरोध निवडून आला.

गोव्यातील निकाल मराठी वाचकांच्या दृष्टीने लक्षणीय आहे. पणजी मतदारसंघातून महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाचे अमृत कांसार, तर मुरगाव मतदारसंघातून काँग्रेसचे एदुआर्द फालेरो निवडून आले. १९६७ च्या जनमतकौलाने विलीनीकरणाचा प्रश्न निकालात काढला होता. तरीही उत्तर गोव्यातील बहुजन समाजाचा म. गो. पक्षास असलेला पाठिंबा दहा वर्षांनंतरही टिकून होता. म्हणजे एकाच लहान प्रदेशातील दोन मतदारसंघांनी दोन निराळे कौल दिले आणि त्यांपैकी एकही जनता पक्षास मिळाला नाही.

दिल्ली व लक्षद्वीप : या प्रदेशांतील मतदानाची दोन टोके येथे आढळतात. दिल्लीतील सात जागा बहुधा एकगठ्ठा फिरतात. १९६७ मध्ये त्यांपैकी ६ जनसंघास, १९७१ मध्ये सर्व काँग्रेसला, १९७७ मध्ये सर्व जनता पक्षास मिळाल्या. १९८० मध्ये इंदिरा काँग्रेसने ६ जागा परत मिळविल्या. नवी दिल्लीची जागा तेवढी अटलबिहारी वाजपेयी यांनी राखली. २०१४, २०१९ व २०२४ या तीनही निवडणुकांत सातही जागा भारतीय जनता पक्षाकडे गेल्या. याउलट लक्षद्वीपमध्ये सईद १९६७ पासून १९९९ पर्यंत सलग दहा वेळा विजयी झाले. केंद्रातील सत्तांतरांचा या निष्ठेवर परिणाम झाला नाही. अखेरीस २००४ मध्ये त्यांचा पराभव झाला, तो अवघ्या ७१ मतांनी.

अलीकडील निकाल : मिझोराम, अरुणाचल प्रदेश व गोवा ही १९८७ मध्ये राज्ये झाली आणि दमण व दीव हा स्वतंत्र केंद्रशासित प्रदेश बनला. तो २०२० मध्ये दाद्रा-नगरहवेलीशी जोडण्यात आला, तरी दोन्ही जागा कायम राहिल्या. यांपैकी दाद्रा-नगरहवेलीच्या जागेची पोटनिवडणूक २०२१ मध्ये कलाबेन डेलकर यांनी शिवसेनेतर्फे जिंकली. महाराष्ट्राबाहेर त्या पक्षास मिळालेली ही लोकसभेची पहिली जागा होय. जम्मू-काश्मीर व लडाख हे २०१९ मध्ये केंद्रशासित झाल्याने एकूण जागा १९ झाल्या. २०२४ मध्ये त्यांपैकी ११ भाजपला, ३ काँग्रेसला, २ नॅशनल कॉन्फरन्सला व ३ अपक्षांना मिळाल्या. देशभरातून त्या वर्षी केवळ सात अपक्ष निवडून आले; त्यांपैकी तिघे बारामुल्ला, लडाख व दमण-दीव येथील होते, ही बाब ध्यानात घेण्याजोगी आहे.

महत्त्व : २०२४ मध्ये लक्षद्वीपमध्ये सुमारे ५८ हजार मतदार होते, तर दिल्लीतील एका मतदारसंघात सरासरी वीस लाखांहून अधिक. संख्येने पाहता बेटावरील मताचे मोल कित्येक पटींनी अधिक ठरते. परंतु प्रतिनिधित्वाचा विचार केवळ संख्येने करता येत नाही. अंदमान, लक्षद्वीप, चंडीगढ, लडाख आणि दाद्रा-नगरहवेली व दमण-दीव या प्रदेशांना विधानसभा नाही आणि राज्यसभेतही त्यांचा सदस्य नसतो. लोकसभेतील एखादा-दुसरा सदस्य हाच कायदे करणाऱ्या सभागृहातील त्यांचा एकमेव आवाज. साहजिकच तेथील निवडणूक खासदाराची असूनही तीत विधानसभेचे सर्व प्रश्न येतात : जहाजवाहतूक, जमिनीचे हक्क, नोकऱ्या, प्रशासकाची धोरणे. १७ एप्रिल १९९९ रोजी केंद्रातील सरकार एका मताने (२६९ विरुद्ध २७०) पडले. अशा प्रसंगी लहान प्रदेशाच्या सदस्याचे मत मोठ्या राज्याच्या सदस्याच्या मताइतकेच निर्णायक असते. राष्ट्रीय लाटेच्या हिशेबात हे निकाल किरकोळ गणले जातात. प्रत्यक्षात त्या लाटेची मर्यादा कोठे संपते, हे प्रथम तेथेच उमगते.