नात्याची हाक आणि कामाचा दाम

इतिहासाचार्य राजवाडे १९२६ च्या अखेरीस धुळ्यात निवर्तले आणि लगेच पुढच्या महिन्यात, जानेवारी १९२७ मध्ये, त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ याच गावी उभे राहिले. त्यांच्या मागे राहिलेल्या कागदांतून शब्दांच्या व्युत्पत्तीचे कोशही पुढे छापून निघाले. जुना कागद ज्या आदराने वाचावा त्याच आदराने जुना शब्द वाचावा, तोही एक दस्तऐवजच आहे, हा धडा या माणसाने खानदेशाला घालून दिला. आम्ही पंडित नव्हे. आमचे शिक्षण कारखान्याच्या फाटकावर आणि वाचनालयाच्या बाकावर झाले. तरी त्या धड्याच्या आधाराने आज आम्ही श्रोत्यांपुढे काही अगदी घरगुती शब्द ठेवणार आहोत. दादा, अण्णा, भाऊ, ताई, अक्का. भावाबहिणीला मायेने मारायच्या या हाका. त्या घराचा उंबरठा ओलांडून दरबारात, लढ्यात आणि कामाच्या जागी गेल्या तेव्हा त्यांचे काय झाले, एवढाच आमचा विषय.

'भाऊ' आणि 'बहीण' हे शब्द संस्कृतातून प्राकृतात झिजत झिजत आपल्यापर्यंत आले. मायेच्या हाका मात्र चहूकडून आल्या आहेत. अण्णा आणि अक्का हे उघड कानडी. तिकडे आजही अण्णा म्हणजे थोरला भाऊ आणि अक्का म्हणजे थोरली बहीण. कानडीत 'तायि' म्हणजे आई, आणि आपल्या 'ताई'चे नाते त्या शब्दाशी सांगतात. आश्चर्य कसले? धाकट्या भावंडांना काखेत घेऊन ज्या पोरीचे बालपण सरले, तिला आईचाच शब्द मिळाला तर तो काही उगाच नव्हे. 'दादा'ची तऱ्हा निराळी. बऱ्हाणपुराच्या पलीकडे गेलात की दादा म्हणजे आजोबा, सुरतेकडे उतरलात तरी आजोबाच. मराठीत आणि दूर बंगालात तो थोरला भाऊ. इरावतीबाई कर्वे यांनी १९५३ साली भारतातील नातेव्यवस्थेवर ग्रंथ लिहिला. महाराष्ट्र हा उत्तर आणि दक्षिण यांच्या सांध्यावरचा मुलूख आहे, हे त्यांनी त्यात नातेसंबंधांवरून दाखवून दिले. आमच्या जेवणाच्या पंगतीत कानडी अण्णा आणि उत्तरेकडचा दादा मांडीला मांडी लावून बसतात, त्याचे कारण हेच.

परंतु यात एक खोच आहे. कानडीत धाकट्या भावाला 'तम्म' आणि धाकट्या बहिणीला 'तंगी' असे शब्द आहेत. मराठीने अण्णा-अक्का घेतले आणि तम्म-तंगी तिकडेच राहू दिले. आपल्याकडे थोरल्याला मानाची हाक, आणि धाकट्याला त्याचे नाव, तेही मोडून: बाळ्या, बंड्या, चिमी. माया दोन्हीकडे आहे; पायरी मात्र एकाच बाजूला आहे. ही पायरी श्रोत्यांनी ध्यानात ठेवावी, पुढे तिचे काम पडणार आहे.

एकत्र कुटुंबात या हाका आणखी सरकल्या. चुलत्यांनी बापाला 'भाऊ' म्हणायचे, ते ऐकून पोरांनीही बापाला 'भाऊ'च म्हणायचे. साने गुरुजी अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिक्षक होते. पुढे १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात त्यांनी 'श्यामची आई' लिहिली. आईवरच्या त्या पुस्तकात श्यामचे वडील 'भाऊ' आहेत. आपल्या अहिराणी मुलखात हाच मान 'जिभाऊ' या शब्दात आहे. थोरला भाऊ जिभाऊ, बापही जिभाऊ, आणि गावात चार माणसे ज्याचे ऐकतात तोही जिभाऊच.

या पायरीला अपवाद नाही काय? आहे, आणि तो आपल्याच जिल्ह्यात, तापीकाठी आहे. निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान आणि मुक्ताबाई या चौघा भावंडांत मुक्ताबाई सर्वांत धाकटी. ज्ञानदेव रुसून झोपडीचे दार लावून बसले तेव्हा समजुतीचे बोल तिने सांगितले, असे ताटीच्या अभंगांची परंपरा मानते. वयोवृद्ध चांगदेवाने तिला गुरू केले. त्या चांगदेवाच्या नावाचे गाव तापी-पूर्णेच्या संगमावर उभे आहे. वारकऱ्यांनी या धाकट्या पोरीला 'मुक्ताई' म्हटले आणि तिच्या भावाला 'माउली'. म्हणजे बहीण आई आणि भाऊही आई! एदलाबादचे मुक्ताईनगर झाले ते याच हाकेवरून. पंढरीच्या वाटेवर पायरी मोडली, ती अशी. दरबारात ती मोडली नाही.

पेशवाईत पाहा. नानासाहेबांचा धाकटा भाऊ रघुनाथराव, तो 'दादासाहेब'. चुलतभाऊ सदाशिवराव, तो 'भाऊसाहेब'. घरातली हाक राज्याच्या कागदात चढली. १७६१ साली पानिपतावर भाऊसाहेब पडले आणि त्या गर्दीतून 'भाऊगर्दी' हा शब्द भाषेला मिळाला. १७७३ साली शनिवारवाड्यात नारायणरावाचा खून झाला आणि त्याचा डाग दादासाहेबांवर आला. रामशास्त्र्यांनी तो त्यांच्या तोंडावर सांगितला. १९०९ साली खाडिलकरांनी त्यावर नाटक लिहिले आणि त्याला नाव दिले 'भाऊबंदकी'. भाऊ आणि बंधू हे दोन्ही मायेचे शब्द एकत्र केले की त्यातून कज्जा निघावा, हे आमच्या भाषेचे कडवट शहाणपण आहे. बांधावरून कोर्टात गेलेले कोणतेही दोन खानदेशी भाऊ त्याची साक्ष देतील.

इंग्रजीतही अशीच कहाणी आहे, आणि ती आम्हांस फार बोधप्रद वाटते. आज त्या भाषेत भाऊ-बहिणीला हाक मारायला बहुधा नावच वापरतात. पण जुने लाडके शब्द होते. स्कॉटलंडात बहिणीला 'टिटी' म्हणत, भावाला आणि जिवलग सोबत्याला 'बिली' म्हणत. आणखी एक शब्द होता 'बुली'. तो बहुधा डच भाषेतून आला. तिथे त्याचा अर्थ प्रियकर, आणि भाऊ असाही होता. शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम' या नाटकात बॉटम नावाचा एक विणकर आहे. सुतार, भाता दुरुस्त करणारा असे त्याचे कष्टकरी सोबती त्याला प्रेमाने 'बुली' म्हणतात. सुमारे १५९५ सालची ही गोष्ट. पुढच्या शंभर वर्षांत त्याच शब्दाचा अर्थ पालटला, आणि आज 'बुली' म्हणजे दुबळ्याला छळणारा गुंड.

आता आमच्या 'दादा'कडे पाहा. मुंबईच्या गिरणगावात तालमीच्या जोरावर वस्ती हाताशी धरणारा, अडल्याला पैसे देणारा, भांडण मिटवणारा आणि लावणाराही जो, तो 'दादा'. १९२८-२९ च्या संपांच्या काळात हे दादा मालकांनीही वापरले आणि मालकांविरुद्धही वापरले गेले. दोन भाषा, दोन मुलूख, एकमेकांना ठाऊकही नसलेले. आणि भावाच्या मायेचा शब्द दोन्हीकडे गुंडाच्या अंगावर गेला. याला आम्ही योगायोग म्हणत नाही. जो राखतो तोच दटावतो, आणि ज्याच्या हातात आश्रय आहे त्याच्याच हातात काठी असते. मायेच्या हाकेतली ती पायरी घरात आईबापांच्या नजरेखाली असते. रस्त्यावर तिच्यावर नजर कोणाची?

इंग्लंडच्या कोळशाच्या खाणींत 'बटी' हा शब्द होता. बटी म्हणजे कामातला सोबती, आणि बटी म्हणजेच खाणीतले काम मक्त्याने घेऊन मजुरांना राबवणारा मधला माणूस. अमेरिकेतला दोस्तीचा 'बडी' या बटीपासून आला की भावाच्या 'ब्रदर'वरून, यावर विद्वानांत वाद आहे. आम्हांला तो वादच पुरेसा वाटतो. मुकादम आणि भाऊ एका शब्दात राहू शकतात, हे त्यातून कळते.

चळवळींनी या शब्दांचे काय केले? इंग्लंड-अमेरिकेच्या कामगार संघटनांनी सभासदाला 'ब्रदर' म्हटले. अमेरिकेत शयनगाड्यांवर काम करणाऱ्या काळ्या हमालांना प्रवासी सरसकट 'जॉर्ज' म्हणून हाक मारीत, कारण कंपनीचा मालक जॉर्ज पुलमन. जणू ही माणसे त्याची मालमत्ता. १९२५ साली या हमालांनी संघटना बांधली, तिच्या नावातच 'ब्रदरहूड' घातले, आणि १९३७ साली कंपनीला करारावर सही करायला लावली. आपल्याकडे शेतकरी कामगार पक्षाने 'भाई' घेतला, साम्यवाद्यांनी 'कॉम्रेड' घेतला. कॉम्रेडचा मूळ अर्थ एका खोलीत राहणारा. गिरणगावच्या खोलीत वीस-वीस माणसे पाळीपाळीने झोपत, त्यांना हा शब्द परका वाटण्याचे कारण नव्हते. भाई आणि कॉम्रेड या दोहोंत थोरला-धाकटा नाही, हे मुद्दाम पाहण्याजोगे आहे.

लोकांची जीभ मात्र जुन्याच वाटेने गेली. साताऱ्याच्या प्रतिसरकारची नावे घ्या: क्रांतिसिंह नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी. १९४४ च्या एप्रिलात धुळे जिल्ह्यात चिमठाण्याजवळ सरकारी खजिना लुटला गेला, तेव्हा तिथे हे बापू होते, हे अण्णा होते, आणि खानदेशचे डॉ. उत्तमराव पाटील होते. त्याच लढ्यात लीलाताई पाटील होत्या. तुकाराम साठे यांना लोकांनी दोन भाऊ एकत्र करून दिले, एक कानडी आणि एक मराठी: अण्णाभाऊ. ज्यांनी जिवावर उदार होऊन काम केले त्यांना घरातला शब्द मिळाला, हे योग्यच झाले. पण संघटनेच्या बैठकीत मागणीचा आकडा ठरवायची वेळ येते आणि शंभर माणसे "दादा ठरवतील तसं" म्हणून मोकळी होतात, तेव्हा आम्हांस ती पायरी आठवते. असे म्हणणारी माणसे आळशी नसतात. घरी थोरल्यापुढे बोलायची सवय नसते, तीच ती सवय.

हे झाले भावांचे. बहिणीची हाक कामाच्या जागी गेली ती वेगळ्याच वाटेने. आसोद्याची लेक आणि जळगावची सून बहिणाबाई चौधरी यांची गाणी १९५२ साली, त्यांच्या मृत्यूनंतर, छापून आली. २०१८ साली आपल्या विद्यापीठाला त्यांचे नाव दिले गेले. ज्या नावात मुळातच 'बहीण' आहे असे नाव विद्यापीठावर लागले, ही खानदेशाला अभिमानाची गोष्ट आहे. पण आम्ही बोलतो आहोत ते अंगणवाडीतल्या ताईविषयी.

एकात्मिक बालविकास योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी सुरू झाली. २००५ नंतर गावोगाव आशा आल्या. गावाने दोघींनाही 'ताई' म्हटले, प्रेमानेच म्हटले. सरकारने एकीला 'सेविका' म्हटले, तिच्या जोडीदारणीला 'मदतनीस', आणि जे पैसे दिले त्याला 'मानधन'. गिरणीतल्या बदली कामगारालाही पगार मिळे, ताईला मानधन. भाऊ दादा झाला की त्याच्या हाती सत्ता येते. बहीण ताई झाली की तिचे काम माया ठरते, आणि मायेचे मोल मागणे वाईट दिसते! पोषण आहार शिजवणे, वजने घेणे, नोंदी भरणे, लसीकरणाला बाया गोळा करणे, ही जर माया असेल तर तिची वही रोज का तपासतात, असा प्रश्न आमच्या एका सभेत एका बाईंनी विचारला होता. त्यावर साहेब हसले. डिसेंबर २०२३ मध्ये या ताया राज्यभर संपावर गेल्या. २०२४ साली सरकारने दरमहा पंधराशे रुपयांची योजना आणली, तिचे नाव 'माझी लाडकी बहीण'. ज्या बाईच्या हाती ते पैसे पडतात तिला त्याची किंमत आहे. आम्ही त्याला नावे ठेवणार नाही. परंतु ओवाळणी आणि मजुरी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ओवाळणी भावाच्या मर्जीची असते, मजुरी हिशेबाची.

त्या हिशेबाच्या बाजूने एक दाखला झाला. गुजरातेतल्या अंगणवाडी बायकांचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि २५ एप्रिल २०२२ रोजी न्या. अजय रस्तोगी आणि न्या. अभय ओक यांच्या पीठाने निकाल दिला की सेविका व मदतनीस १९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्याखाली येतात, आणि 'मानधन' असे नाव दिले तरी त्यांना मिळते ते वेतनच होय. निकालाची प्रत आम्ही मराठीत समजावून सांगितली तेव्हा बायकांनी 'वेतन' हा शब्द पुन्हा एकदा वाचायला लावला. मग आम्ही अर्ज भरायला बसलो. त्यात पहिलाच रकाना कर्मचाऱ्याच्या पूर्ण नावाचा होता. तीस तीस वर्षे गाव ज्यांना नुसते ताई म्हणत आले, त्यांची नावे आम्ही त्या दिवशी पहिल्यांदा ऐकली.